आमच्याकडे ‘ब’ तुकडी नाही

“मॅडम, वर्गात मुलं अकरा. त्यातली नऊ बालवाडीपासून तीच. गणित आणि विज्ञान एकाच सरांकडे. आमची मुलगी मागे तर पडणार नाही ना? की आत्ताच पलीकडे होस्टेलला ठेवू?”

एका छोट्या बेटावर राहणाऱ्या आईचा हा प्रश्न. ओळख पटेल असे तपशील मी बदलले आहेत. बेटावर सरकारी हायस्कूल एकच, आणि ‘पलीकडे’ म्हणजे बोटीने जायचं तो किनारा. लहान शाळेत मूल घालणारे बहुतेक पालक कधी ना कधी हेच विचारतात, म्हणून ही हकिगत सविस्तर लिहिते.

मुलगी नववीत. गुण उतरले नव्हते. पण दोन महिन्यांपासून दर सोमवारी सकाळी तिचं डोकं दुखायचं आणि मंगळवारी आपोआप थांबायचं. डॉक्टरांना दाखवून झालं होतं, त्यात काही निघालं नव्हतं. आईने हे मला तिसऱ्या फोनवर, जाता जाता सांगितलं. तोवर आम्ही विज्ञानाच्या सरांबद्दलच बोलत होतो.

सुरुवातीला एक चूक माझ्याकडूनच झाली. “शाळेत समुपदेशक येतात ना? त्यांना का भेटत नाहीस?” असं मी तिला विचारलं. येतात, पंधरा दिवसांतून एकदा, बोटीने. ती हसली. “त्यांची खोली मैदानाला लागून आहे. मी आत गेले की शाळा सुटायच्या आत आमच्या घरी कळलेलं असतं.” जिथे कुणी कुणाला ओळखत नाही अशा ठिकाणी बसून सल्ला देणाऱ्याच्या हे डोक्यातच येत नाही. मग आम्ही फोनवरच बोलायचं ठरवलं. ती धक्क्याच्या टोकाला जाऊन बसायची. वाऱ्यामुळे अर्धी वाक्यं दोनदा सांगावी लागायची, पण तिथे तिच्या पाठीमागे येऊन कुणी उभं राहू शकत नव्हतं.

मी तिला वर्गाचं चित्र काढून पाठवायला सांगितलं. सहा बाकं, अकरा गोल. त्यातला एक गोल पेनाने इतका गिरवलेला की कागद फाटायला आला होता. ती तिची बालवाडीपासूनची मैत्रीण. भांडणाचं कारण इथे लिहिण्याइतकं मोठं नाही, चौदाव्या वर्षी ते तसं नसतंच. मोठ्या शाळेत असं झालं की मूल बाक बदलतं, दुसरा घोळका शोधतं, फारच झालं तर तुकडी बदलून घेतं. “आमच्याकडे ‘अ’ तुकडी नाही आणि ‘ब’पण नाही,” ती म्हणाली. त्यात मैत्रिणीचे वडील बोटीवर कामाला आणि काकू शाळेच्या ऑफिसात.

चित्राच्या कोपऱ्यात तिने व्हॉलीबॉलचं जाळं काढलं होतं. मुलींच्या टीमला सहाजणी लागतात आणि शाळेत खेळणाऱ्या बरोबर सहाच. सराव सोमवारी. “मी नाही गेले तर टीमच होत नाही,” ती म्हणाली. डोकं सोमवारीच का दुखतं, हे कोडं तिथे सुटलं.

रॉजर बार्कर आणि पॉल गंप या मानसशास्त्रज्ञांनी अमेरिकेतल्या कॅन्सस राज्यातल्या लहान-मोठ्या हायस्कूलांचा अभ्यास करून १९६४ साली निष्कर्ष मांडले होते. मोठ्या शाळेत उपक्रम जास्त असतात खरे, पण जबाबदारीची कामं एकेका मुलाच्या वाट्याला लहान शाळेतच जास्त येतात, कारण माणसंच कमी. अभ्यासात कच्च्या मुलालाही तिथे ‘तू ये, तुझ्यावाचून अडलंय’ म्हणून बोलावणं येतं. मी हे सांगितल्यावर तिचे वडील खूश झाले. मला त्याची दुसरी बाजूही सांगावी लागली: जिच्यावाचून अडतं, तिला एक सोमवार घरी बसायची सोय नसते.

अभ्यासाच्या काळजीला माझं उत्तर त्या मानाने छोटं होतं. कुठले विषय शाळेत मिळतच नाहीत आणि शिक्षक किती वर्षं टिकतात, एवढं शाळेत जाऊन विचारा. वर्गातली डोकी मोजून काही कळत नाही.

पलीकडे पाठवण्याला माझा विरोध नव्हता. इंग्लंडच्या नैर्ऋत्येला सिली बेटं आहेत, तिथली शाळा सोळाव्या वर्षापर्यंतच आहे. पुढे शिकायचं तर समुद्र ओलांडावाच लागतो. स्कॉटलंडच्या उत्तरेकडच्या शेटलंड बेटांमधल्या फेअर आइल या छोट्या बेटाची मुलं तर प्राथमिक शाळा संपली की शेटलंडचं मुख्य गाव लर्विक, तिथल्या हायस्कूलला जातात आणि तिथल्या वसतिगृहात राहतात. तिथे ‘पाठवू का’ हा प्रश्नच नसतो, तयारी कशी करायची एवढंच बघायचं. आमच्या या मुलीला मात्र त्या घडीला पाठवलं असतं तर ती एका मैत्रिणीपासून पळाली असती, आणि तिथेही हे ओझं सोबत नेलं असतं.

तिच्या परवानगीने मी हेडसरांशी दोनच गोष्टी बोलले. एक, दर आठवड्याला सगळ्या वर्गाच्या जागा चिठ्ठ्या टाकून ठरवायच्या, म्हणजे कुणा एकीला उठवून बसवलं असं व्हायला नको. दोन, टीमला सातवी खेळाडू हवी. आठवीतली एक उंच मुलगी सापडली. आमच्या मुलीने लागोपाठ दोन सोमवार दांडी मारली, टीम मोडली नाही, आणि तिसऱ्या सोमवारी ती आपणहून मैदानावर गेली.

हेडसर सज्जन माणूस, पण बोलता बोलता म्हणाले, “ती गेली तर आमचा पट कमी होईल हो.” खरं आहे ते, अशा शाळेत एका मुलाने फरक पडतो. पण पटाचं ओझं चौदा वर्षांच्या पोरीच्या कानावर घालायचं नाही, एवढं मी त्यांना स्पष्ट सांगितलं.

सगळ्यात जास्त उपयोग झाला तो मला न सुचलेल्या गोष्टीचा. शाळेत नसलेला एक विषय तिने ऑनलाइन घेतला. स्क्रीनवर वेगवेगळ्या बेटांवरच्या शाळांतली मुलं. बेटावर लहानथोर सगळे तिला घरच्या लाडक्या नावाने हाक मारतात, अगदी शिक्षकसुद्धा. तिथे बाईंनी हजेरीत तिचं खरं नाव घेतलं. “मला वाटलं दुसऱ्याच कुणाला बोलावतायत,” ती मला सांगत होती. “मग मी हजर म्हटलं.” चौथीत स्टेजवर रडली होती हे त्या वर्गात कुणालाच माहीत नव्हतं.

पलीकडे मावशीकडे राहून बघायचं ठरलं. पहिल्या खेपेला ती रात्री अकराला रडली आणि सकाळच्या पहिल्या बोटीने परत आली. आईला वाटलं, संपलं सगळं. मी म्हटलं, महिन्याभराने परत पाठवा. दुसऱ्या खेपेला जोराच्या वाऱ्यामुळे बोटच सुटली नाही आणि दोनाच्या तीन रात्री झाल्या. फोन आला तो मावशीचा, बोट कधी सुटणार हे विचारायला. मुलगी शेजारच्या मुलींबरोबर खाली गेली होती.

मैत्रिणीशी बोलणं सुरू आहे, पूर्वीसारखं नाही. डोकं अजून एखाद्या सोमवारी दुखतं. परवा आईचा मेसेज आला: होस्टेलचा फॉर्म आणलाय, नाव-पत्ता मुलीने स्वतः लिहिलाय, ‘कुठल्या इयत्तेसाठी प्रवेश’ हा रकाना तेवढा कोरा सोडलाय. “मी काही विचारलं नाही मॅडम. कपाटात ठेवून दिलाय.”