दोन प्रतलं एकमेकांना फक्त एकाच बिंदूत का छेदू शकत नाहीत? आणि छेदरेषेचं समीकरण काढायची सोपी पद्धत कोणती?

"पुस्तकात ते गृहीतकच आहे, तेवढं लक्षात ठेवा" असं उत्तर तुम्हाला इथे कुणीतरी देणारच. मला ते मान्य नाही, म्हणून लिहायला घेतलं.

आधी थेट उत्तर. त्रिमितीत दोन प्रतलं एकाच बिंदूत छेदू शकत नाहीत. चौथी मिती मिळाली तर खुशाल छेदतात. म्हणजे तुमचा प्रश्न वरवर प्रतलांबद्दल असला, तरी खरं तर तो अवकाशाबद्दल आहे, आणि म्हणूनच चांगला आहे.

मी गणित शिकवते. एकदा एका ज्येष्ठ सहकाऱ्यांच्या तासाला मागच्या बाकावर बसले होते. फळ्यावर तक्ता होता: रेषा आणि रेषा, रेषा आणि प्रतल, प्रतल आणि प्रतल. पुढे प्रत्येकाचा छेद काय, ते एका शब्दात. एका मुलीनं वह्यांचे दोन पुठ्ठे उचलले, एकाचा कोपरा दुसऱ्याच्या मधोमध टेकवला आणि म्हणाली, "सर, हे बघा, एकाच बिंदूत भेटतायत." सर म्हणाले, "ते गृहीतक आहे. गृहीतकाला का विचारायचं नसतं. तक्ता उतरवून घे." ती खाली बसली आणि तक्ता उतरवू लागली. मला ते फार लागलं. वर्षभरात वर्गातून येणाऱ्या चांगल्या प्रश्नांतला एक होता तो, आणि तो एका वाक्यात मारला गेला.

तास संपल्यावर स्टाफरूममध्ये आमची जुंपली. त्यांचं म्हणणं असं, की पुठ्ठा संपतो, प्रतल संपत नाही, एवढं सांगितलं की झालं. हे खरंच आहे. टेकलेला पुठ्ठा कोपऱ्यापलीकडे वाढवा, तो दुसऱ्याच्या आरपार जाईल आणि छेदाची रेषा उमटेल. पण ती उमटलीच पाहिजे, हे कशावरून? डोळ्यांना तसं दिसतं म्हणून? मग भूमिती कशाला शिकवायची!

मी त्या मुलीला नंतर बोलावून घेतलं आणि जे सांगितलं तेच तुम्हाला सांगते. समजा अ आणि ब ही दोन वेगळी प्रतलं प बिंदूत भेटतात. ब वर असा एक बिंदू घ्या जो अ वर नाही. त्याला क म्हणू. आता ब प्रतलातच, प केंद्र धरून, क मधून जाणारं वर्तुळ काढा. क च्या बरोबर समोरचा, व्यासाच्या दुसऱ्या टोकाचा बिंदू ख. क पासून ख पर्यंतची सरळ रेषा प मध्ये अ ला ओलांडते, म्हणून क आणि ख हे अ च्या विरुद्ध बाजूंना आहेत. आता त्या सरळ वाटेनं न जाता अर्धवर्तुळावरून क कडून ख कडे चला. बाजू बदलायची आहे, त्यामुळे वाटेत कुठेतरी अ ओलांडावंच लागेल. जिथे ओलांडाल तो बिंदू दोन्ही प्रतलांवर आहे, आणि वर्तुळावर असल्यामुळे तो प नाही. दोन सामाईक बिंदू मिळाले की त्यांना जोडणारी अख्खी रेषा दोन्ही प्रतलांत आली. त्या रेषेबाहेर आणखी एखादा सामाईक बिंदू निघाला, तर एका रेषेत नसलेले तीन बिंदू सामाईक होतील आणि प्रतलं दोन राहणारच नाहीत.

मुलीनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "पण यात तीन मिती कुठे वापरल्या?" इतका नेमका प्रश्न मी मोठमोठ्यांकडूनही क्वचित ऐकलाय. त्या वापरल्या "विरुद्ध बाजूंना" या शब्दांत. त्रिमितीत प्रतल अवकाशाचे दोन भाग करतं. रेषा करत नाही, तिला वळसा घालून पलीकडे जाता येतं. चतुर्मितीत प्रतलाचीही तीच गत होते. तिथे त्याला दोन बाजूच उरत नाहीत आणि आपलं अर्धवर्तुळ त्याला न शिवता पलीकडे पोचतं. उदाहरण लिहायला अगदी सोपं आहे. (क्ष, य, ०, ०) अशा सगळ्या बिंदूंचं एक प्रतल आणि (०, ०, झ, व) अशा सगळ्यांचं दुसरं. दोघांत सामाईक काय? फक्त (०, ०, ०, ०).

यावरून एक हिशेब मनात ठेवा: दोघांच्या मितींची बेरीज वजा अवकाशाची मिती. प्रतल-प्रतल २ + २ − ३ = १, म्हणजे रेषा. रेषा-प्रतल १ + २ − ३ = ०, म्हणजे बिंदू. रेषा-रेषा १ + १ − ३ = −१, म्हणजे त्रिमितीत सहज म्हणून घेतलेल्या दोन रेषा भेटतच नाहीत. त्या समांतरही नसतात, स्क्यू असतात. सरांच्या तक्त्यात रेषा-रेषा पुढे नुसतं "बिंदू" लिहिलेलं होतं, आणि मुलं तेच पाठ करून पुढच्या वर्गात जात होती.

सरांनी नंतर माझ्यावर जर्मन गणितज्ञ हिल्बर्टचा दाखला फेकला. हिल्बर्टनं १८९९ साली भूमितीचा पाया नव्यानं मांडला, तेव्हा "दोन प्रतलांत एक बिंदू सामाईक असेल तर किमान आणखी एक असतो" हे गृहीतक म्हणूनच घेतलं. बरोबर आहे. पण का घेतलं ते बघा. युक्लिडच्या अकराव्या खंडातलं तिसरं विधान सांगतं, की प्रतलांचा छेद सरळ रेषा असतो. त्याच्या सिद्धतेत छेद ही कुठली तरी रेषा आहे हे आधीच धरलेलं आहे आणि ती सरळ असल्याचं तेवढं दाखवलंय. छेद एकच बिंदू का नसावा, याबद्दल तिथे अक्षर नाही. म्हणजे त्या मुलीचा प्रश्न थेट त्या फटीवर बोट ठेवणारा होता. हिल्बर्टनं तिथे गृहीतक घालून "आपलं अवकाश तीन मितींच्या पुढे जात नाही" हे उघड सांगून टाकलं. ज्या विधानात एवढं भरलंय, त्यावर "का विचारायचं नसतं" म्हणणं हा हिल्बर्टवरही अन्याय आहे.

आता समीकरण. प्रतलाला लंब असलेली दिशा म्हणजे त्याचा नॉर्मल; समीकरणातले क्ष, य, झ चे सहगुणक हेच त्याचे घटक. दोन नॉर्मलचा क्रॉस प्रॉडक्ट (दोन्हींना लंब अशी तिसरी दिशा देणारा गुणाकार) ही छेदरेषेची दिशा, कारण ती दोन्ही नॉर्मलना लंब असते. मग रेषेवरचा कुठलाही एक बिंदू शोधा. क्ष + य + झ = ६ आणि क्ष − य + झ = २ घ्या. क्रॉस प्रॉडक्ट (२, ०, −२), म्हणजे दिशा (१, ०, −१). झ = ० ठेवलं की क्ष = ४, य = २. रेषा झाली (४ + त, २, −त), इथे त ही कुठलीही संख्या. रेषा आणि प्रतलाचा छेद तर याहून सरळ आहे: रेषेवरचा बिंदू त मध्ये लिहा, प्रतलाच्या समीकरणात टाका, त काढा. त चा सहगुणक शून्य आला, तर रेषा प्रतलाला समांतर आहे किंवा पूर्ण त्यातच आहे.

दोन गोष्टी वर सांगायच्या राहिल्या. मितींचा हिशेब समांतर किंवा एकमेकांत बसलेल्या आकारांना लागू नाही. आणि बिंदू शोधताना दिशेचा जो घटक शून्य असेल, त्या चलाला ० देऊ नका. वरच्या उदाहरणात य = ० ठेवलंत तर उत्तर येणारच नाही, कारण त्या रेषेवर य कायम २ आहे. परीक्षा तोंडावर आली असेल, तर अर्धवर्तुळ बाजूला ठेवून आधी हा भाग करा.

पण परीक्षेसाठीसुद्धा तक्ता पुरत नाही, आणि हे मी त्या सहकाऱ्यांना शेवटपर्यंत पटवू शकले नाही. तीन प्रतलांचा डिटरमिनंट (तिन्ही समीकरणांच्या सहगुणकांवरून काढलेली संख्या) शून्य आला आणि उत्तर नसलं, की किमान दोन समांतर असणार, असं त्यांच्या तक्त्यात होतं. वरच्या दोन प्रतलांना तिसरं जोडा: क्ष + झ = ७. डिटरमिनंट शून्य आहे, तिन्हींत एकही बिंदू सामाईक नाही, आणि तरी कुठलीच दोन समांतर नाहीत. दोन-दोनच्या जोडीनं ती तीन वेगळ्या रेषांत छेदतात आणि त्या रेषा आपसांत समांतर असतात, म्हणून मधे दोन्ही टोकं उघडी असलेली त्रिकोणी पोकळी राहते. ७ च्या जागी ६ घ्या, मग ५ घ्या, पोकळी अरुंद होत जाईल. ४ घेतलंत की तिन्ही प्रतलं मगाशी काढलेल्या (४ + त, २, −त) या रेषेतूनच जातात.