भोपळ्याच्या बिया घरी भाजायच्या तर ओव्हन चांगला की कढई?

तुम्ही लिहिलंय की बिया धुऊन लगेच तापलेल्या कढईत टाकता, त्या बाहेरून काळ्या पडतात आणि आतून चिवट राहतात. म्हणून आता ओव्हन घ्यावा का, आणि बिया सालीसकट खाव्यात की सोलून, असं विचारलंय.

बियांसाठी ओव्हन घेऊ नका. 'धुऊन लगेच' हे तेवढं सोडा. बी आधी वाळली पाहिजे, ठणठणीत वाळली पाहिजे, मग ती कशात भाजता याला फारसं महत्त्व उरत नाही. हेच मी माझ्या थोरल्या भावाला गेली चोवीस वर्षं सांगते आहे आणि तो गेली चोवीस वर्षं ऐकत नाही. तुमच्या प्रश्नात ओव्हनचं नाव आलं म्हणून मला राहवलं नाही.

तेव्हा मी अकरावीत होते. बाबांच्या पायाचं ऑपरेशन झालं होतं आणि ते दीड महिना अंथरुणावर होते. त्यांची भूकच गेली होती. सगळं मऊ, पातळ, पचायला हलकं असं खाऊन ते कंटाळले होते. मला काहीतरी चावायला द्या, असं दिवसातून दोनदा म्हणायचे. एका दुपारी मी लाल भोपळा चिरत होते. आतला बियांचा लगदा काढून बाजूला ठेवला होता, तो टाकूनच देणार होते. बाबांनी आतून विचारलं, "बिया आहेत का गं त्यात? भाजून दे."

दादा उठला. मी करतो म्हणाला, पाच मिनिटांचं काम आहे. त्याने बिया नळाखाली धरल्या, दोनदा झटकल्या, कढई धूर येईपर्यंत तापवली आणि ओल्या बिया तशाच त्यात ओतल्या. मोठ्या आचेवर तडतड सुरू झाली, दोन-चार उडून जमिनीवर पडल्या. बियांना गराचे धागे चिकटलेले होते, ते आधी जळले. करपट वास घरभर पसरला. खरोखर पाच मिनिटांत त्याने वाटी भरून बाबांच्या हातात दिली.

बाबांनी एक बी तोंडात टाकली. बराच वेळ चावली. मग म्हणाले, "छान झाल्यात. ठेव इथे, नंतर खातो."

त्यांनी त्या खाल्ल्या नाहीत. संध्याकाळी वाटी उशाशी तशीच होती आणि बिया सादळून कातड्यासारख्या झाल्या होत्या. दीड महिन्यात त्या माणसाने पहिल्यांदा स्वतःहून काही मागितलं होतं. मला तेव्हा दादाचा इतका राग आला होता की तो आजही पूर्ण गेलेला नाही.

भोपळ्याचा दुसरा अर्धा भाग झाकून ठेवलेला होता. हे लक्षात ठेवा, कारण पुढचं सगळं भांडण याच्यावर आहे. त्या अर्ध्या भागातल्या बिया मी काढल्या. मोठ्या पातेल्यात भरपूर पाणी घेऊन त्यात लगदा टाकला आणि पाण्यातच बोटांनी चोळत राहिले. बिया वर तरंगतात, गर सुटत जातो. चार पाणी बदलली. बुळबुळीतपणा पूर्ण जाईपर्यंत धुतल्या, रोवळीत निथळल्या, जुन्या पंच्यात गुंडाळून टिपल्या आणि स्टीलच्या ताटात एकेक सुटी करून पसरल्या. रात्रभर पंख्याखाली ठेवल्या. सकाळी हाताने हलवल्या तर खुळखुळ वाजत होत्या. त्यावरचा पातळ पापुद्रा आपोआप सुटायला लागला होता, तो पाखडून काढला. पोचट बियाही तेव्हाच निवडल्या. दोन बोटांत दाबली की कळतं, आत काही नसलं तर बी चपटी लागते. पोचट बी कशीही भाजा, ती करपतेच.

मग जाड बुडाची कढई घेतली, आच मंद ठेवली आणि वीस मिनिटं हात थांबवला नाही. उलथनं सतत फिरतं ठेवलं. आधी बियांचा रंग बदललाच नाही, मग हळूहळू बदामी व्हायला लागला, एखाददुसरी बी 'टच्' करून फुटली आणि वास आला. तो वास आल्यावर एक सोलून बघितली. मगज आतून किंचित तांबूस झाला होता. गॅस बंद केला आणि बिया लगेच गार ताटात ओतल्या, कारण कढईत राहिल्या तर कढईच्या उष्णतेने त्या भाजतच राहतात. गार झाल्यावर वरून मीठ.

बाबांनी ती वाटी संध्याकाळपर्यंत संपवली. बी उभी धरून पुढच्या दातांनी कडेला हलकेच दाबायची, टरफल दोन फाळांत उघडायचं, मगज जिभेवर घ्यायचा, टरफल बशीत ठेवायचं. मी शेजारी अभ्यास करत बसले होते आणि तो आवाज ऐकत होते. बशीत टरफलांचा ढीग झाला. त्यानंतर ते दर दोन दिवसांनी विचारायचे, भोपळा आणलाय का.

आणि दादा काय म्हणाला? "तू दुसरा भोपळा आणलास, तो चांगला जून होता." दुसरा भोपळा नव्हताच! तोच भोपळा, त्याचाच दुसरा अर्धा भाग. बाबा होते तोवर ते हसून विषय बदलायचे. आता ते नाहीत, म्हणजे साक्षीदारही नाही.

पुढे दादाने ओव्हन घेतला आणि नवीन सुरुवात झाली: बिया ओव्हनमध्येच चांगल्या होतात, कढईत होतच नाहीत. माणसाने भोपळा लावायला सुरुवात केल्याला सुमारे १०,००० वर्षं झाली. मेक्सिकोतल्या गिला नाकित्स नावाच्या गुहेत तेवढ्या जुन्या, लागवडीच्या भोपळ्याच्या बिया सापडल्यात. घरोघरी विजेचा ओव्हन आला तो फार तर गेल्या शंभर वर्षांत.

ओल्या बीचं कढईत काय होतं ते नीट बघा. बाहेर टरफल, आत तेलकट मगज, मधे हिरवट पापुद्रा. पाणी १०० अंश सेल्सिअसला उकळतं आणि जोवर आत पाणी आहे तोवर मगजाचं तापमान त्याच्या फार वर जात नाही. खमंगपणा आणि तांबूस रंग मात्र साधारण १४० अंशांच्या आसपास जोमाने यायला लागतो. म्हणजे आत मगज वाफेवर शिजत असतो आणि त्याच वेळी टरफल तापलेल्या लोखंडाला टेकून करपत असतं. काळं दिसलं की आपण गॅस बंद करतो, आत मात्र भाजायला अजून सुरुवातही झालेली नसते. तुमच्या बिया बाहेरून काळ्या आणि आतून चिवट होतात त्या यामुळे. ओव्हनमध्येही हेच होतं. गेल्या वर्षी दादाच्याच घरी, त्याच्याच ओव्हनमध्ये, मी मुद्दाम ओल्या बिया २०० अंशांवर ठेवल्या. बाहेर आल्या त्या हुबेहूब त्या दुपारच्या वाटीतल्यासारख्या. तो म्हणाला, तापमान जास्त ठेवलंस.

म्हणून मग एकाच भोपळ्याच्या बियांचे त्याच्यासमोर तीन वाटे केले. एक वाटा धुऊन लगेच, दुसरा रात्रभर वाळवून, तिसरा मिठाच्या पाण्यात उकळून मग वाळवून. तिन्ही त्याच ओव्हनमध्ये, एकाच तापमानाला, १५० अंशांवर. दुसरा आणि तिसरा वाटा अर्ध्या तासात झाले. पहिला त्या वेळी अजून मऊच होता. पुढे आणखी वीस मिनिटं ठेवला तेव्हा काही बिया बऱ्या झाल्या, काही चिवट राहिल्या, काही कडवट झाल्या. दादाने तिन्ही खाल्ल्या आणि तिसऱ्या वाट्यातल्या मूठभर खिशात टाकून घेऊन गेला. हरलो म्हणाला नाही.

तो तिसरा प्रकार तुम्हाला सांगते, कारण तो मलाही सगळ्यात आवडला. एक कप बियांना दोन कप पाणी आणि एक मोठा चमचा मीठ. दहा मिनिटं उकळायच्या, निथळायच्या, मग पुन्हा वाळवायच्या. वरून लावलेलं मीठ टरफलावर राहतं आणि सोलून खाणाऱ्याच्या वाट्याला येतच नाही. उकळलेल्या बीत ते आतपर्यंत जातं. टरफलही जरा मऊ पडतं आणि भाजल्यावर नुसतं कठीण न राहता कुरकुरीत होतं. पण उकळल्या म्हणून वाळवणं टळत नाही. उलट त्यांनी जास्त पाणी प्यायलेलं असतं.

कागदावर वाळवू नका. बीचा चिकटपणा कागदाला धरतो आणि मग कागदाचे तुकडे सोलत बसावं लागतं. ताट, परात किंवा सुती कापड घ्या. वाळवायला वेळच नसेल तर ओव्हन सगळ्यात मंद ठेवून अर्धा तास आधी सुकवून घ्या, नाहीतर कढई अगदी बारीक आचेवर ठेवून वाफ येणं थांबेपर्यंत परता. तेल लावायचं असेल तर कपभर बियांना एक छोटा चमचा पुरे, तेही वाळल्यावरच. ओल्या बीला तेल लावण्यात काही अर्थ नाही. आणि तिखट, मिरपूड, साखर सुरुवातीला घालणाऱ्यांबद्दल मला खरंच वाईट वाटतं, कारण ते पूर्ण वेळ जळकी पूड खातात. पूड शेवटच्या मिनिटाला घाला, किंवा बिया गरम असताना ताटात वरून भुरभुरा.

'धुतल्या की चव जाते' हे दादाचं आणखी एक वाक्य आहे. चव मगजात असते आणि मगज टरफलाच्या आत असतो. बाहेर असतो तो गर, त्यात साखर असते, ती सगळ्यात आधी करपते.

आता दादाचं जे खरं आहे तेही लिहिते. तापमानाबद्दल तो बरोबर होता. २०० अंश कुठल्याही बीला जास्तच, वाळलेलीलाही. ओव्हन असेल तर १५० अंश, बिया एका थरात, दर दहा मिनिटांनी हलवायच्या. पंखा असलेला ओव्हन असेल तर आणखी दहा-पंधरा अंश कमी. खूप बिया असतील, दोन-तीन भोपळ्यांच्या, तर ओव्हन सोयीचा आहे, कारण कढईत एका वेळी कपभराच्या वर नीट होत नाहीत आणि हात दुखून येतो. भोपळ्याच्या बाबतीतही त्याचं म्हणणं अर्धं खरं आहे: कोवळ्या भोपळ्यात बिया पातळ आणि पोचट निघतात, जून भोपळ्यात भरदार. पण ती अडचण तुमची दिसत नाही, कारण तुमच्या बिया आतून चिवट लागतात, म्हणजे आत मगज आहे.

भाजताना त्या गरम असतात तोवर किंचित नरमच लागतात, म्हणून घाबरून जास्त भाजू नका. गार झाल्यावर कुरकुरीत होतात. आणि पूर्ण गार होण्याआधी डबा बंद करू नका, आत वाफ धरते. मगजात जवळजवळ निम्मं तेल असतं, त्यामुळे बिया काही आठवड्यांत खवट व्हायला लागतात. मी पंधरा दिवसांत संपतील एवढ्याच करते, उरल्या तर फ्रिजमध्ये.

भोपळा कापल्यावर गराचा छोटा तुकडा चाखून बघा. कडूजहर लागला तर बियांसकट फेकून द्या. त्या कडू द्रव्याने उलट्या-जुलाब होतात आणि ते भाजल्याने किंवा शिजवल्याने जात नाही. करपल्याचा कडूपणा वेगळा, हा वेगळा.

साल काढायची की नाही हे राहिलंच. मी बारीक बिया उकळून केलेल्या असतील तर सालीसकट खाते, मोठ्या जाड टरफलाच्या असतील तर सोलून. सालीसकट खाल्ल्या तर नीट चावून खा आणि एका बैठकीला मूठभरच. खूप टरफलं एकदम पोटात गेली तर बद्धकोष्ठ होतं, आणि त्यांचा गोळा होऊन शौचाला अडकल्याची उदाहरणं डॉक्टरांकडे आहेत. लहान मुलांना अख्खी बी देऊ नका, घशात अडकते. पाकिटात ज्या हिरव्यागार मिळतात तशा घरी का होत नाहीत असं वाटत असेल, तर तो नुसता मगज असतो. काही वाणांच्या बियांना तर कठीण टरफल नसतंच. ऑस्ट्रियातल्या स्टायरिया भागात तसा भोपळा तेलासाठी लावतात. आपल्या घरच्या भोपळ्यातून तशी बी निघणार नाही.

आज भोपळा कापला असेल तर बिया आता धुऊन ताटात पसरा आणि कढई उद्या काढा.