एस्टोनियाची राजधानी टॅलिनमध्ये एकच दिवस आहे. डेन्मार्क-स्वीडनच्या खुणा दाखवणारा गाईडेड वॉक घ्यावा का?

घ्या. फक्त बुक करतानाच 'डेन्मार्क आणि स्वीडनचा काळ पाहायचाय' असं स्पष्ट सांगा, नाहीतर सगळा वेळ जर्मन व्यापाऱ्यांच्या गोष्टींतच जातो.

सुरुवात टूम्पेआ टेकडीच्या उतारावरच्या 'डॅनिश राजाच्या बागे'तून करा. १२१९ मध्ये राजा दुसरा वाल्देमार इथे लढत असताना डेन्मार्कचा लाल-पांढरा झेंडा आकाशातून पडला, अशी दंतकथा आहे. (गाईड ती अगदी डोळ्यांनी पाहिल्यासारखी सांगतात!) टॅलिन या नावाचा अर्थही बहुतेक जण 'डॅनिश लोकांचा किल्ला' असाच लावतात. १३४६ मध्ये डेन्मार्कने हा मुलूख विकून टाकला, तरी एस्टोनियाच्या राजचिन्हावरचे तीन निळे सिंह त्यांच्याकडूनच आलेले.

स्वीडनचा अंमल १५६१ ते १७१०. त्यासाठी वर डोम चर्चमध्ये जाच. स्वीडनचा सेनापती पाँटस दे ला गार्दी आणि त्याची बायको, दोघं दगडात कोरलेली, शेजारीशेजारी पहुडलेली दिसतात. खाली जुन्या शहरातलं सेंट मायकल चर्च आजही स्वीडिश मंडळींचं आहे.

बूट मात्र जाड तळव्याचे घाला, तिथली दगडी फरसबंदी पायांची पार वाट लावते.