पंधरा दिवसांचा पाहुणा, चौदा महिने झाले

ताई, म्हणजे गोरेगावचा वन बीएचके तुमच्या आणि मिस्टरांच्या नावावर, त्यांचा मामेभाऊ इंटरव्ह्यूसाठी पंधरा दिवस म्हणून आला तो चौदा महिने हॉलमध्ये गादी टाकून आहे, आणि सासूबाई म्हणतात घरच्या माणसाला जा कसं म्हणायचं. बरोबर ना?

बारा वर्षं राहिला की घर त्याचंच होईल, ही भीती आधी डोक्यातून काढा. तुम्ही राहू दिलंय म्हणून तो राहतोय, अशा राहण्याने किती वर्षं गेली तरी घर त्याचं होत नाही. गोव्यातल्या एका बहीण-भावाच्या घराच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने 2012 साली हे स्वच्छ सांगितलंय, फुकट राहू दिलेल्याला हक्क नाही, दशकं काढली तरी नाही.

मला खरी काळजी त्या महिन्याच्या तीन हजारांची वाटतेय. जीपेवर तो 'रेंट' लिहून पाठवतो आणि तुम्ही घेता!! उद्या तो कोर्टात मी भाडेकरू आहे म्हणेल आणि पुरावा तुमच्याच फोनमध्ये. आजपासून बंद. आधार कार्डावर तुमचा पत्ता घातलाय त्याने मालकी येत नाही, पण नवीन कुठल्याही कागदावर सही देऊ नका. आणि बाल्कनीला स्वतःच्या खर्चाने ग्रिल, स्लायडिंग करून देतो म्हणतोय ना, गोड बोलून नाही म्हणा, कारण तुमच्या परवानगीवर विसंबून त्याने पक्कं बांधकाम केलं की परवानगी मागे घेता येत नाही असा वाद ईझमेंट अॅक्टच्या (दुसऱ्याची जागा वापरायच्या हक्कांचा, परवानगीचा कायदा) कलम 60 वर घालता येतो.

तो गावी गेला की कुलूप बदलू का विचारलंत. नको. सहा महिन्यांच्या आत तो ताब्यासाठी दावा लावू शकतो, शेवटी जिंकाल तुम्हीच बहुतेक पण तोवर तारखा आणि पोलीस स्टेशन कोण करणार. त्यापेक्षा साधं पत्र द्या, राहायची परवानगी अमुक तारखेपासून संपली, सामान घेऊन जा. तीस दिवस द्या, रजिस्ट्रेशन घेऊन स्पीड पोस्टाने पाठवा, घरातल्या घरात असलं तरी. नाहीच गेला तर स्मॉल कॉजेस कोर्टात (मुंबईत भाड्याचे, घराच्या ताब्याचे दावे चालतात ते) दावा, फुकट राहणाऱ्यावरही तिथेच लावता येतो हे 2013 मध्ये सुप्रीम कोर्टाने ठरवलंय.

पत्रावर मिस्टरांची सही हवीच. तुम्ही जा म्हणताय आणि ते मागून "राहा रे अजून महिनाभर" म्हणाले तर केस तिथेच लंगडी पडते, त्यामुळे आधी त्यांच्याशी बोला, मग पत्राचं बघू.