‘हाऊ तुमना कोन लागस?’

नमस्कार मावशी,
आम्ही मूळचे खानदेशातल्या पारोळ्याचे. गेली नऊ वर्षं टेक्सासमध्ये सॅन अँटोनियोला राहतो. शेजारचं कुटुंब मेक्सिकन आहे. माझ्या बाळंतपणाला व्हिसाच्या घोळामुळे घरचं कुणीच येऊ शकलं नाही. शेजारणीने सव्वा महिना रोज डबा पोचवला. मुलाचं जावळ काढायच्या वेळी माझा भाऊ इथे नव्हता, म्हणून तिच्या नवऱ्याच्या मांडीवर बसवून काढलं. तेव्हापासून ते दोघं मला ‘कोमाद्रे’ आणि ह्यांना ‘कोंपाद्रे’ म्हणतात. आता त्यांना मुलगी झाली आहे आणि तिच्या बाप्तिस्म्याला आम्ही ‘पाद्रिनो-माद्रिना’ व्हावं असं ते म्हणतात. परवा व्हिडिओ कॉलवर सासूबाईंनी त्यांना पाहिलं आणि विचारलं, ‘हाऊ तुमना कोन लागस?’ म्हणजे हा तुमचा कोण लागतो? मी ‘गॉडफादर’ म्हणून बसले आणि त्या घाबरल्याच. नुसतं ‘मित्र’ म्हणवत नाही, ‘भाऊ’ म्हटलं तर कुजबुज होईल. मुलाने त्यांना काय म्हणायचं? आणि बाप्तिस्म्याचं काय करू?

ताई,

सासूबाई घाबरल्या त्यात त्यांची चूक नाही. आपल्याकडे गॉडफादर म्हणजे तिकीट मिळवून देणारा, बदली थांबवणारा, पाठीशी उभा राहून नंतर वसुली करणारा पुढारी. मुलगा परदेशात जाऊन कुणाच्या तरी उपकाराखाली दबला, असं त्यांच्या मनात आलं असेल. तो शब्द त्यांच्यापुढे पुन्हा काढू नका.

तुमच्या शेजाऱ्यांनी मात्र शब्द अगदी नेमका वापरला आहे. त्यांच्याकडे बाप्तिस्म्याने एकाच वेळी दोन नाती तयार होतात. एक मुलाचं: ज्याने मुलाला बाप्तिस्म्याच्या कुंडापाशी धरलं तो पाद्रिनो, ती माद्रिना, आणि मूल त्यांचं आइहादो, मुलगी असली तर आइहादा. दुसरं नातं मोठ्यांचं: मुलाचे आईबाप आणि हे धर्माचे आईबाप एकमेकांचे कोंपाद्रे-कोमाद्रे होतात. म्हणजे सह-बाप, सह-आई. मेक्सिकोत, आणि जवळजवळ सगळ्या लॅटिन अमेरिकेत, हे दुसरं नातं पहिल्यापेक्षा भारी असतं. मूल मोठं होऊन निघून जातं, कोंपाद्रे जन्मभर राहतात. जावळाला त्यांनी मुलाला मांडीवर घेतलं तेव्हा आपल्या दृष्टीने त्यांनी मामाची जागा भरून काढली, त्यांच्या दृष्टीने ते तुमचे कोंपाद्रे झाले. दोन्ही बरोबर आहे.

आता मराठीत बघा. मुलांमुळे दोन घरांतली मोठी माणसं एकमेकांची कुणीतरी होतात, असं नातं आपल्याकडे आहेच: व्याही आणि विहीण. आपल्या अहिराणीत याही, याहीन. ते लग्नाने जुळतं, हे बाप्तिस्म्याने, पण घडण तीच. आणि एक गोष्ट तर इतकी सारखी आहे की मला पहिल्यांदा कळली तेव्हा मी थक्क झाले. आपल्याकडे शाळेपासूनचे दोन मित्र, कायम अरे-तुरे करणारे, मुलांच्या सोयरिकीने व्याही झाले की दुसऱ्या दिवसापासून ‘अहो, या, बसा’ सुरू होतं. मेक्सिकोच्या कितीतरी भागांत हेच घडतं. कालपर्यंत ‘तू’ म्हणजे तूच म्हणणारे दोघं कोंपाद्रे झाले की एकमेकांना ‘उस्तेद’ म्हणतात, म्हणजे आपलं ‘तुम्ही’. जवळीक वाढली म्हणून मान वाढतो. तुमचे शेजारी तुमच्या यजमानांशी अलीकडे जास्त अदबीने बोलतात असं वाटलं, तर ते दुरावलेत असं समजू नका.

हे नातं एकट्या मेक्सिकोचं नाही. दुबई-दोह्यातल्या आपल्या लोकांना ऑफिसातले फिलिपिनो सहकारी ‘निनोंग’, ‘निनांग’ म्हणताना ऐकू येतात, ते हेच धर्माचे आईबाप. त्यांच्याकडे कोंपाद्रेचा ‘कुम्पारे’ झाला आणि बोलण्यात नुसता ‘पारे’ उरला. ग्रीकांचा ‘कुंबारोस’, रशियनांचे आणि सर्बांचे ‘कूम’, सगळे एकाच गोतातले. आणि इंग्रजीत ज्याला आपण गॉसिप म्हणतो तो शब्दही मुळात ‘गॉडसिब’, देवाच्या नात्याचा सोयरा. पुढे बाळंतिणीजवळ जमणाऱ्या मैत्रिणींना गॉसिप म्हणू लागले आणि त्या तिथे बसून जे बोलत त्यालाही तेच नाव पडलं. तुमच्या शेजारणीने सव्वा महिना तुमच्या उशाशी येऊन जे केलं, ते त्या शब्दाचं मूळ काम आहे.

आता तुमचा खरा प्रश्न: पारोळ्यात काय सांगायचं.

अमळनेरजवळच्या आमच्या गावात माझ्या आईचा एक धरमना भाऊ होता. ते मनियार होते. बांगड्यांची पेटी घेऊन गावोगाव फिरत. आई नवी नवरी म्हणून आली तेव्हा पहिल्यांदा बांगड्या भरताना तिचं मनगट कापलं, ती रडायला लागली, आणि त्यांनी पेटी बाजूला ठेवून आधी हळद मागितली. पुढच्या राखीपौर्णिमेला आईने त्यांना राखी बांधली. तेव्हापासून त्यांनी तिच्याकडून बांगड्यांचे पैसे घेतले नाहीत, आणि आईने त्यांना सुपात दादर ज्वारी घातल्याशिवाय जाऊ दिलं नाही. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, ते चोळीचा खण घेऊन यायचे, आमरस-खापरच्या पोळीला बसायचे. आम्ही मुलं त्यांना मनियारमामा म्हणायचो.

माझ्या मोठ्या बहिणीच्या लग्नाच्या वर्षी आईचा सख्खा भाऊ वारला. नवरीच्या पाठीशी मामा म्हणून कोण उभं राहणार, यावरून मांडवात कुजबुज झाली. मनियारमामांचा धर्म वेगळा, जात वेगळी. वडील एवढंच म्हणाले, ‘आखाजीले कोन येस? तोच मामा शे.’ मनियारमामा उभे राहिले. त्या दिवशी त्यांनी पांढरी टोपी बदलून वडिलांचा फेटा घातला होता, तो सारखा एका कानावर घसरत होता आणि ते एका हाताने सावरत होते.

पण त्याच घरात श्रावणात कानबाई, ही आपली खानदेशातली देवी, बसायची तेव्हा रोटासाठी, म्हणजे तिच्या प्रसादासाठी, घरातल्या एकेका पुरुषामागे सव्वा मूठ गहू मोजला जाई. त्या मोजणीत मनियारमामा कधीच नव्हते. रोट भाऊबंदांतच खायचा, ही रीत. त्यांना ते माहीत होतं, कधी वाईट वाटल्याचं दिसलं नाही. कानबाईच्या शृंगाराच्या हिरव्या बांगड्या मात्र दरवर्षी त्यांच्याच पेटीतून यायच्या. सोमवारी विसर्जनाला ते नदीपर्यंत यायचे.

हे सगळं इतकं सविस्तर सांगितलं ते बाप्तिस्म्यासाठी. तुम्हाला पाद्रिनो-माद्रिना व्हायला बोलावणं हा फार मोठा मान आहे, पण तिथेही रोटासारखी एक मोजणी आहे. कॅथलिक चर्चच्या १९८३ च्या धर्मसंहितेप्रमाणे धर्माचे आईबाप स्वतः कॅथलिक असावे लागतात, दृढीकरणाचा (कन्फर्मेशनचा) संस्कार झालेला असावा लागतो, आणि सर्वसाधारणपणे वय १६ पूर्ण असावं लागतं. तुम्ही हिंदू आहात, त्यामुळे चर्चच्या नोंदवहीत धर्माचे आईबाप म्हणून तुमचं नाव लागणार नाही. शेजाऱ्यांनी प्रेमाच्या भरात हे लक्षात घेतलं नसेल. त्यांना आत्ताच सांगा, की आधी त्यांच्या पाद्रींशी बोलून घ्या. ऐन दिवशी चर्चमध्ये कळलं तर दोन्हीकडे अवघड होईल. आणि पाद्री नाही म्हणाले तर तो अपमान धरू नका. मनियारमामांनी धरला नाही.

त्याने तुमची वाट बंद होत नाही. मेक्सिकन लोकांत पाद्रिनो एका बाप्तिस्म्यापुरते नसतात. मुलगी १५ वर्षांची झाली की किन्सेअन्येराचा मोठा सोहळा होतो, त्यात केकचे पाद्रिनो वेगळे, पोशाखाचे वेगळे, संगीताचे वेगळे, लग्नातही तसंच. ज्याने जे उचललं तो त्याचा पाद्रिनो. अशा मानाला धर्माची अट आड येत नाही. तेव्हा ‘नोंदवहीत नाही, पण केक आमच्याकडे’ असं आपण होऊन म्हणा. फक्त खर्चाचं आधीच मोकळेपणाने विचारा. आपल्याकडे मामा व्हायचं म्हणजे हात सैल सोडावा लागतो, तिथेही तसंच. बाप्तिस्म्यानंतर बाहेर पोरं ‘बोलो, पाद्रिनो, बोलो!’ ओरडत जमतात आणि पाद्रिनो त्यांच्यात नाणी उधळतात. तुमच्या मुलाला त्या गर्दीत सोडा, त्याला जन्मभर आठवेल.

मुलाने काय म्हणायचं, हे मात्र जरा विचार करून ठरवा. ‘अंकल’ नको. अंकल म्हणजे पार्किंगमध्ये गाडी लावणारा कुणीही. पर्याय दोन आहेत, काका किंवा मामा, आणि खानदेशात ह्या दोन्हींचा अर्थ फार वेगळा होतो. काकाची मुलं ही भावंडं. मामाची मुलगी म्हणजे आपल्याकडच्या कितीतरी समाजांत मुलासाठी चालणारी सोयरीक, तिच्यावरून पोरगा पाळण्यात असल्यापासून थट्टा होते. उलट कोंपाद्रेच्या नात्यात एकेकाळी चर्चने लग्नाची मनाई घातली होती. १५६३ साली ट्रेंटच्या धर्मसभेने तिची व्याप्ती कमी केली, १९८३ च्या संहितेत ती अट उरली नाही, पण आपल्या धर्माच्या लेकीकडे पोटच्या मुलीसारखंच बघायचं, ही भावना घट्ट आहे. तुमच्या सासरी ‘मामाची पोरगी’ म्हणून कुणी गंमत केली आणि ती भाषांतर होऊन शेजाऱ्यांपर्यंत गेली, तर त्यांना ते रुचणार नाही. तरीही माझं मत मामाच म्हणावं असं आहे, कारण जावळाला मांडी त्यांनी दिली, आणि ते मामाचंच काम. थट्टा नको, एवढं सासरी आधीच सांगून ठेवा. आणि ते जेव्हा त्याला आइहादो म्हणतील तेव्हा त्याने त्यांना पाद्रिनो म्हणावं. मुलांना दोन नावं जड जात नाहीत.

‘मानलेला भाऊ’ म्हटलं की लोक डोळे मिचकावतात, हे तुम्ही लिहिलं नाहीत पण कुजबुज म्हणालात त्यात तेच आहे. हा शब्द आपणच नासवला, कारण सोयीला भाऊ मानून भाऊबीजेला विसरणारे फार झाले. त्यावर उपाय एकच. राखी दरवर्षी, सगळ्यांसमोर, नवऱ्याच्या आणि कोमाद्रेच्या समोर. भाऊबीजेला ओवाळणं. शक्य असेल तर आखाजीला दोन्ही घरांचं एकत्र जेवण, रस आणि पोळी, मग पोळी खापरावरची नसली तरी चालेल. दोन-तीन वर्षं हे नेमाने झालं की कुजबुज आपोआप थांबते. जमणार नसेल तर भाऊ म्हणूच नका, ‘शेजारी’ हा शब्दही काही कमी चांगला नाही.

एक व्यवहाराची गोष्ट, पटकन सांगते. आपल्याला काही झालं तर मूल कोंपाद्रे सांभाळतील, असं परदेशातली कितीतरी कुटुंबं गृहीत धरतात. पाद्रिनो किंवा मानलेला मामा, दोघांनाही नुसत्या नात्याने कायद्याचं पालकत्व मिळत नाही. खरंच तशी इच्छा असेल तर मृत्युपत्रात किंवा तशाच कायदेशीर दस्तऐवजात पालक म्हणून नाव लिहावं लागतं, तिथल्याच वकिलाकडून, आणि दोन्हीकडच्या आजी-आजोबांना सांगून.

सासूबाईंना उत्तर त्यांच्याच बोलीत द्या: ‘धरमना भाऊ शे मना. जावळले मांडीवर त्यासनीच लिधं व्हतं.’ जावळ म्हटलं की त्या समजतील, वेगळं समजावावं लागणार नाही. पुढच्या कॉलला शेजाऱ्यांना हात जोडून ‘राम राम, माय’ एवढं म्हणायला शिकवून ठेवा. आणि आखाजीसाठी पारोळ्याहून पार्सल येईल त्यात त्यांच्यासाठी एक टोपी-उपरणं आणि कोमाद्रेसाठी खण घालायला सांगा. पार्सलवरच्या चिठ्ठीत त्यांच्यासाठी काय लिहायचं, हे सासूबाईंनाच ठरवू द्या. त्यांनी ‘मामाले’ लिहिलं तर मला नक्की कळवा.

तुमची,
मावशी