तिसऱ्यांदा ‘नीट’ की बायझन्टाइन इतिहास?

पत्र, थोडक्यात: मुलगी १९ वर्षांची. बारावी सायन्सला ८१ टक्के. ‘नीट’मध्ये पहिल्यांदा ७२० पैकी ४३०, रिपीटर बॅच लावून ४५५. तिसऱ्यांदा बसायला तयार नाही. बायझन्टाइन साम्राज्याचा (पूर्वेकडचं रोमन साम्राज्य, राजधानी कॉन्स्टँटिनोपल, आजचं इस्तंबूल) इतिहास शिकायचा म्हणते आणि रात्री ग्रीक गिरवत बसते. तिच्या त्या वह्या मी काढून माळ्यावर टाकल्यात. नमुन्यादाखल काही पानांचे फोटो जोडलेत. माझ्या भावाची दोन्ही मुलं एमबीबीएस करताहेत. इतिहासच घ्यायचा तर निदान यूपीएससी तरी कर, असं तिच्या मामांचं म्हणणं. तिच्या डोक्यातलं हे खूळ काढून द्या. — एक वडील, कल्याण

नमस्कार.

तुमच्या पत्रात तुम्ही आहात, भाऊ आहे, मामा आहेत, क्लासचे सर आहेत. मुलीचं स्वतःचं असं एकही वाक्य नाही. मला गुणांपेक्षा याची जास्त काळजी वाटली. वर्षभर क्लास, टेस्ट सिरीज आणि घरातली धुसफूस, एवढं सगळं करून वाढले किती, तर २५ गुण. तिसऱ्या वर्षी नक्की होईल असं क्लासवाले सांगणारच, त्यांना बॅच भरायची असते. पण जी मुलगी नाही म्हणतेय तिला ढकलून बसवलं तर आणखी एक वर्ष जाईल, आणि ती तुमच्याशी बोलायची बंद होईल ते वेगळंच. पुतणे डॉक्टर होताहेत ही चांगली गोष्ट आहे, पण त्यांच्याशी बरोबरी करायची गरज तुम्हाला आहे, तिला नाही. जरा कडक लिहितोय, पण वह्या माळ्यावर टाकणं हे मार्गदर्शन नव्हे.

आता फोटोंबद्दल. तुम्ही ते वेळ वाया घालवल्याचा पुरावा म्हणून पाठवलेत. एका पानावर तिने तीन रकाने पाडलेत. सहाव्या शतकातला इतिहासकार प्रोकोपियस याने सम्राट जस्टिनियनबद्दल तीन पुस्तकांत तीन तऱ्हांनी लिहिलंय: युद्धांच्या इतिहासात बेताचं, वास्तूंवरच्या पुस्तकात तोंडभर स्तुती, आणि ‘गुप्त इतिहासा’त तर त्याला थेट राक्षस ठरवलंय. (हे तिसरं पुस्तक व्हॅटिकनच्या ग्रंथालयात सापडलं आणि १६२३ मध्ये छापलं गेलं.) ५३२ मध्ये राजधानीत जस्टिनियनविरुद्ध उसळलेल्या निका दंग्यात हिप्पोड्रोममध्ये, म्हणजे रथशर्यतींच्या मैदानात, तीस हजारांवर माणसं मारली गेली, हे प्रोकोपियसचं विधान तिने उतरवलंय आणि शेजारी पेन्सिलीने लिहिलंय, ‘मोजली कोणी?’ एम.ए.च्या वर्गातही हा प्रश्न मुलांकडून काढून घ्यावा लागतो.

दुसऱ्या पानावर मात्र चूक आहे, ती तिला दाखवा. बायझन्टाइन लोक जगाच्या निर्मितीपासून वर्षं मोजत आणि त्यांचं नवं वर्ष १ सप्टेंबरला सुरू होई. त्यामुळे जानेवारी ते ऑगस्टमधल्या घटनेसाठी त्यांच्या सालातून ५५०८ वजा करायचे, सप्टेंबर ते डिसेंबरसाठी ५५०९. कॉन्स्टँटिनोपल पडलं ते मे महिन्यात, साल ६९६१. तिने १४५३ काढलंय, बरोबर. पण सम्राट मायकेल तिसऱ्याचा खून सप्टेंबरमधला, साल ६३७६. तिथेही ५५०८ वजा करून तिने ८६८ लिहिलंय, हवं होतं ८६७. ताळा करायचा तर इंडिक्शन, म्हणजे करआकारणीचं पंधरा वर्षांचं चक्र, वापरायचं: त्यांच्या सालाला १५ ने भागून उरेल ती बाकी म्हणजे चक्रातलं कितवं वर्ष (बाकी शून्य आली तर पंधरावं), आणि ग्रंथात दिलेला इंडिक्शनचा आकडा त्याच्याशी जुळायला हवा. वरच्या दोन्ही सालांना बाकी १ येते. आणि थिओफानिसच्या बखरीला हे सूत्र मुळीच लावू नये, त्याची वर्षगणना अलेक्झांड्रियाची, वेगळी आहे.

मामांच्या सल्ल्याबद्दल. ‘इतिहास आवडतो म्हणजे यूपीएससी’ हे समीकरण आपल्याकडे घरोघरी ऐकू येतं. मुख्य परीक्षेच्या सामान्य अध्ययनात जगाचा इतिहास सुरू होतो अठराव्या शतकापासून. इतिहास वैकल्पिक घेतला तरी जगाचा भाग युरोपातल्या ज्ञानोदयापासून (एन्लायटनमेंट) पुढचाच. बायझन्टियम संपलं १४५३ ला, म्हणजे तिच्या आवडीला तिथे शून्य गुण. प्रशासनात जायचं असेल तर प्रशासनासाठी जावं. इतिहासाचं वेड शमवायला ती परीक्षा दिली तर दोन्हीकडून हात रिकामे राहतात.

प्राध्यापकीसाठी नेट-सेट आहेच, त्याची माहिती कुठेही मिळेल.

खूळ काढायला मी मदत करणार नाही, पण वाट गुळगुळीत आहे असंही सांगणार नाही. या विषयातल्या पक्क्या नोकऱ्या युरोप-अमेरिकेतही मोजक्याच, आणि पीएच.डी.पर्यंत दहा-बारा वर्षं धरून चाला. त्यात टिकणार की नाही हे बारावीच्या टक्क्यांवरून कळत नाही, ग्रीकवरून कळतं. बहुतेक जण इथेच चुकतात: ॲना कोम्निनीचं नाव मोठं म्हणून तिने वडिलांवर, सम्राट अलेक्सियसवर, लिहिलेल्या ‘अलेक्सियड’पासून सुरुवात करतात. बाराव्या शतकातली ही राजकन्या दीड हजार वर्षं जुन्या ॲटिक, म्हणजे प्राचीन अथेन्सच्या, ग्रीकची नक्कल करत लिहिते, नॉर्मनांनाही जुन्या नावाने केल्ट म्हणते. नवखा माणूस दोन पानांत गळतो. आधी वर्षभर ॲटिक व्याकरण, रोज पाऊण तास, क्रियापदांचे तक्ते तोंडपाठ. मग मलालस आणि थिओफानिस हे बखरकार, त्यांची भाषा साधी आहे. त्यानंतर प्रोकोपियस आणि सेलस हे इतिहासकार, आणि ॲना सगळ्यांत शेवटी. आजचं बोलीग्रीक शिकवणारं ॲप इथे फारसं कामाचं नाही. फोटोंत तिने ग्रीक अक्षरांवरची आघातचिन्हं (ॲक्सेंट) गाळलेली दिसतात, ती पहिल्या दिवसापासून घालायची; नंतर लावतो म्हणणाऱ्याकडून ती कधीच लागत नाहीत.

यंदा बी.ए.ला प्रवेश घ्या, इतिहास आणि शक्य असेल तिथे जर्मन. या विषयावरचं अर्धं संशोधन जर्मन-फ्रेंचमध्ये आहे, आणि व्हिएन्ना किंवा म्युनिकला जायचं तर वर्गही जर्मनमध्येच. जर्मन शिकायला मॅक्सम्युलर भवन मुंबईत आहे. ऑक्सफर्डसाठी फेलिक्स शिष्यवृत्ती, जर्मनीसाठी डाड (DAAD) या संस्थेची शिष्यवृत्ती, आणि जे. एन. टाटा एन्डॉवमेन्टचं शैक्षणिक कर्ज, हे तिसऱ्या वर्षाला लागण्याआधीच पाहून ठेवा. सायन्सची मुलगी इथे काय करणार, ही चिंता सोडा. पुण्याच्या भांडारकर संस्थेत महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीला शिस्त लावणारे वि. सी. सुकथनकर केंब्रिजला गणित शिकले होते.

जाता जाता: सहाव्या शतकात अलेक्झांड्रियाच्या कॉस्मसने ग्रीकमध्ये लिहिलेल्या ग्रंथात पश्चिम भारतातलं ‘कल्लियाना’ नावाचं भरभराटीचं बंदर येतं. ते बहुधा तुमचंच कल्याण.

बी.ए.च्या पहिल्या वर्षाअखेरीस तिच्यापुढे मलालसचं एक पान ठेवा. कोश घेऊन, अडखळत का होईना, दोन दिवसांत तिने त्याचा अर्थ लावला तर पुढे जाऊ द्या. नाही लागला, किंवा तिलाच कंटाळा आला, तर बी.ए. फुकट जात नाही. मोडी आणि फारसी शिकून ती पुण्याच्या पेशवे दफ्तराकडे वळू शकते. तिथे न वाचलेल्या कागदांचे ढीग आहेत आणि मोडी सफाईने वाचणारी माणसं कमी. ‘मोजली कोणी?’ हा प्रश्न तिथेही लागतो.