नोकरी सोडू की एडिटर ठेवू?

प्रश्न: वय 31, पुण्यात खासगी नोकरी, हातात 58,000 रुपये येतात. दोन वर्षांपासून सिनेमावर मराठीत व्हिडिओ निबंध करतो, 41,000 सबस्क्रायबर आहेत. गेल्या बारा महिन्यांत यूट्यूबकडून 2,76,000 आणि तीन जाहिरातदारांकडून मिळून 60,000 आले. पत्नीचा पगार 32,000; घरखर्च आणि गृहकर्जाचा हप्ता मिळून 67,000. सहा लाखांची एफडी मोडून सव्वातीन लाखांचा कॅमेरा आणि कॉम्प्युटर घ्यावा, नोकरी सोडून महिन्याला दोनऐवजी चार व्हिडिओ करावेत, असं मनात आहे. एका व्हिडिओला 70 तास जातात.

उत्तर: आत्ता राजीनामा देऊ नका. तुम्हाला कमी पडतायत ते तास, आणि नोकरी सोडून ते फार महागात पडतील.

तुमचा महिनावार तक्ता पाहिला. यूट्यूबची सरासरी 23,000 दिसते खरी, पण त्यातले 1,44,000 एक व्हिडिओ धावला त्या दोनच महिन्यांतले आहेत. उरलेल्या दहा महिन्यांची सरासरी 13,200. घराचा हिशेब याच आकड्यावर मांडायचा. पगार थांबला की 35,000 ची तूट; त्यातून 13,200 वजा केले तरी दरमहा 21,800 एफडीतून जाणार. खरेदीनंतर उरलेले पावणेतीन लाख जेमतेम साडेबारा महिने पुरतील, तेही घरात कोणी आजारी पडलं नाही तर. व्हिडिओ दुप्पट केले म्हणून पैसे दुप्पट होतील, हेही धरून चालू नका.

शिवाय तुमचा कच्चा माल दुसऱ्याच्या मालकीचा आहे. अठरा मिनिटांच्या व्हिडिओत जुन्या गाण्याच्या दोन ओळी वाजल्या आणि कंटेंट आयडीने, म्हणजे हक्काचं संगीत-दृश्य आपोआप ओळखणाऱ्या यूट्यूबच्या यंत्रणेने, त्या ओळखल्या, तर त्या व्हिडिओच्या जाहिरातीचे पैसे हक्कदाराकडे वळू शकतात. ‘इतके सेकंद चालतात’ असा नियम कुठेही नाही. कॉपीराइट कायद्याच्या कलम 52 मध्ये समीक्षेसाठी वापराची मुभा आहे, पण ती मशीनला कळत नाही, तुम्हाला हरकत घ्यावी लागते. क्लेम, म्हणजे हक्कदाराचा दावा, आल्यापासून पाच दिवसांत हरकत घेतली तर पहिल्या दिवसापासूनची कमाई बाजूला राखून ठेवली जाते. समोरच्याला उत्तरासाठी 30 दिवस असतात. नव्या व्हिडिओची बरीचशी कमाई पहिल्या आठवड्यातच होते, म्हणून हे पाच दिवस चुकवू नका. वाद नकोच असेल तर यूट्यूब स्टुडिओत जाऊन तेवढं गाणं म्यूट करा. क्लेम वेगळा, स्ट्राइक वेगळी; स्ट्राइक म्हणजे हक्कदाराच्या तक्रारीवरून व्हिडिओच काढला जाणं. 90 दिवसांत तीन स्ट्राइक झाल्या की चॅनेल बंद होऊ शकतं. ‘एव्हरी फ्रेम अ पेंटिंग’ हे नावाजलेलं चॅनेल चालवणाऱ्या टोनी झोउ आणि टेलर रामोस यांनी 2017 मध्ये ते बंद करताना लिहिलं होतं, की त्यांच्या शैलीतल्या बऱ्याच गोष्टी या कॉपीराइट यंत्रणेला चुकवण्यातून घडल्या.

आता पत्राच्या शेवटी तुम्ही जाता जाता लिहिलेली ओळ. एक एडिटर व्हिडिओमागे 6,000 मागतोय आणि पहिला कट, सबटायटल, आवाजाची सफाई मिळून तुमचे 30 तास वाचवतोय. म्हणजे ताशी 200 रुपये. नोकरीचे महिन्याला 180 तास धरले तर 58,000 सोडून तोच तास तुम्हाला 322 ला पडतो. एडिटर ठेवा. दोन व्हिडिओंचे 12,000, सहा महिन्यांचे 72,000, एफडीतून तेवढेच काढा. वाचलेल्या 60 तासांत महिन्याला तिसरा व्हिडिओ बसतो का ते पाहा. नियुक्तीपत्रात बाहेरच्या कमाईबद्दल काय कलम आहे, तेही एकदा वाचा.

कॅमेरा कशाला? तुमच्या व्हिडिओत चेहरा मिनिटभरही दिसत नाही. खटकतो तो घुमणारा आवाज. चांगला यूएसबी माइक घ्या आणि रेकॉर्डिंगच्या वेळी मागच्या-बाजूच्या भिंतींवर दोन जाड गोधड्या टांगा.

जाहिरातदारांचे पैसे रखडतात म्हणता, तर उद्यम नोंदणी, म्हणजे लहान उद्योगांची सरकारी नोंदणी, करून टाका, ती मोफत आहे. सूक्ष्म उद्योगाचं बिल जास्तीत जास्त 45 दिवसांत चुकतं करण्याचं बंधन कायद्याने खरेदीदारावर आहे. बिलावर उद्यम क्रमांक टाकत जा. पगारावरचा टीडीएस यूट्यूबच्या कमाईला पुरत नाही. वर्षाचा उरलेला कर 10,000 किंवा जास्त होणार असेल तर 15 जून, 15 सप्टेंबर, 15 डिसेंबर आणि 15 मार्चला आगाऊ कर भरावा लागतो. जीएसटीची 20 लाखांची मर्यादा अजून लांब आहे.

राजीनाम्याचा विचार पुन्हा कधी करायचा? सलग सहा महिने, एडिटरचे पैसे वजा करून, सगळ्यात पडेल महिन्यातही 35,000 उरले तर. तोवर नोकरीची पाच वर्षंही भरतील. तुमच्या 30,000 मूळ पगारावर ग्रॅच्युइटी साधारण 86,500 होते. आणि आईंचा मधुमेह सध्या कंपनीच्या आरोग्य विम्यात समाविष्ट आहे. त्यांची स्वतंत्र पॉलिसी आजच घ्या, कारण जुन्या आजारासाठीचा प्रतीक्षाकाळ तीन वर्षांपर्यंत असू शकतो आणि तो पॉलिसी घेतल्या दिवसापासून मोजला जातो.